तीन चंद्रांचं पंचांग

माझ्या कादंबरीतल्या जगाला तीन चंद्र आहेत, हे मी एकदा डबा खाताना बोलून बसले आणि लॅबमधल्या पोरींना वर्षभराचं खाद्य मिळालं. "मॅडम, मग तुमच्याकडे महिन्याला संकष्ट्या किती?" एकीने विचारलं. दुसरी म्हणाली, उपासातच मरतील बिचारे. मी चिडले, पण प्रश्न बरोबर होता. आकाशात तीन चंद्र टांगायला काही लागत नाही. त्यांच्या तिथी लावायच्या तर पंचांग लागतं, आणि ते माझ्याकडे नव्हतं.

मी बोईसरला रंगाच्या एका कारखान्यात नमुने तपासते. माहेर साताऱ्याकडचं, तिथे पाणी म्हणजे विहिरीचं. लग्न मात्र केलं जवळच्याच दांडी गावातल्या मच्छीमार घरातल्या मुलाशी. त्याने होडीत पाय ठेवला नाही, तो दुसऱ्या एका कारखान्यात शिफ्टला जातो. दोन दिवस सकाळ, दोन दिवस दुपार, दोन रात्री, दोन सुट्ट्या. आठ दिवसांनी पुन्हा पहिल्यापासून. त्यामुळे आमच्या घरात रविवार कधी येतो आणि जातो ते कोणाला कळत नाही.

माझे चंद्र मी घरातूनच उचलले. माहेरी आम्ही तिघी बहिणी, म्हणून चंद्रही तिघी. थोरली तीस दिवसांची. मधली एकवीस दिवसांची, कारण आमच्या अंगणातली कोंबडी एकवीस दिवस अंड्यांवर बसायची. धाकली आठ दिवसांची, म्हणजे सरळ नवऱ्याची शिफ्ट. सुट्टीच्या दुसऱ्या दिवशी धाकलीची पुनव, आणि दुपारपाळीच्या दुसऱ्या दिवशी तिची अवस. धाकलीच्या पुनवेला माझ्या जगात घरोघरी मटण शिजतं. ते कुठून आलं ते सांगायला नको.

तिघी एकाच दिवशी अंधाऱ्या कधी होणार, ते मी कागदावर काढलं. आठशे चाळीस दिवसांतून एकदा. मला फार आनंद झाला. कादंबरीला असा एखादा दिवस लागतोच.

तेव्हा सासरे आमच्याकडे राहायला येऊन सहा महिने झाले होते. सासूबाई गेल्यावर दांडीचं घर बंद केलं आणि त्यांना फ्लॅटवर आणलं. जन्मभर दर्यावर गेलेला माणूस तिसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत बसून समोरच्या इमारतीच्या पाण्याच्या टाक्या बघायचा. विसरायलाही लागले होते. चहा घेतला का, दार लावलं का, मी कोण. पालघरच्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आणि म्हणाले, डोक्याला काम द्या, नुसते बसवून ठेवू नका. डॉक्टरांना सांगायला काय जातं, असं मी रिक्षात नवऱ्याला म्हणाले.

मग एका संध्याकाळी मी टेबलावर चंद्र पसरून बसले होते. माझ्या जगाला समुद्र होता आणि समुद्र म्हणजे मला अंधार. मी सहज विचारलं, "बाबा, भरती कधी येते ते तुम्ही कसं ओळखता?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि बऱ्याच महिन्यांनी त्या डोळ्यांत कोणीतरी घरात असल्यासारखं वाटलं. "पावनकी येते का तुला?" म्हणाले. मला पाढे येतात ते सुद्धा कसेबसे, पाऊणकी कुठली? "तिथीची पाऊनपट करायची. पंचमी हाय? पाच पावनं पावनेचार. पावनेचारला बरती. तितनं सहा तासांनी दर्या खाली. पंचांग घरात नसलं तरी चालंल, तिथ डोक्यात पायजे." दर तिथीला पाणी पाऊण तास उशिरा येतं, हे त्यांनी मला बोटांवर तीनदा समजावलं. ज्यांना सकाळचा चहा आठवत नव्हता, त्यांनी अकरापर्यंतची पाऊणकी घडाघडा म्हटली.

त्या दिवसापासून आमचं काम सुरू झालं. मी कार्डशीटवर चौकोन आखायचे आणि ते मला तिघींच्या तिथी घालायला लावायचे. थोरलीचं पाणी मोठं, मधलीचं आडवं, धाकलीचं नुसतं खळखळ करणारं. हे सगळे शब्द त्यांचे. थोरलीचा पहिला दिवस आम्ही खऱ्या अमावास्येला धरला, आणि बैठकीत नेहमीच्या कॅलेंडरशेजारी आमचं लावलं. रोज सकाळी अंघोळ करून ते त्याच्यापुढे उभे राहायचे. नावं विसरायचे, माणसं विसरायचे, पण "आज मधलीची नवमी" हे कधी चुकलं नाही. नवरा खूश, मी खूश. कादंबरीचीही सत्तर पानं झाली.

एक प्रश्न मात्र ते सारखा विचारायचे. "यात तिथ वाडत नाय ना?"

आपल्या पंचांगात एखादी तिथी गळते, एखादी दोन दिवस राहते. मला ती भानगड नको होती. मी नमुने तपासणारी बाई, मला तीस म्हणजे तीस हवे. "नाही बाबा," मी म्हणायचे. "कधीच वाढत नाही."

"नक्की?"

"नक्की."

मग ते मान हलवायचे आणि गॅलरीत जाऊन बसायचे. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. मी ते विसरण्याच्या खात्यात टाकून दिलं होतं.

तिहेरी अवसेला काय होतं, हेसुद्धा मीच विचारलं. लिहिणाऱ्याची हाव, दुसरं काय. त्यांनी हातातली पेन्सिल कानाला लावली. मग म्हणाले, "त्या दिशी पानी इतकं लांब जाईल का दर्याचा तळ दिसंल. वर चांद नाय, पानी वडून धरायला कोन नाय. त्या दिशी दर्या नेलेलं समदं परत देतो. मानसं चालत येतात. पन कोनीतरी आनायला जावं लागतं. हाक मारावी लागते." मी ते तसंच्या तसं वहीत उतरवलं. किती छान सुचलं बाबांना, असं मी नवऱ्याला रात्री सांगितलं.

नवरा जेवायचा थांबला. "काकाबद्दल बोलले का काही?" म्हणाला.

कोणता काका? लग्नाला नऊ वर्षं झाली होती आणि मला काका माहीत नव्हता. बाबांचा धाकटा भाऊ. विशीत असताना खडपावर, म्हणजे ओहोटीला उघड्या पडणाऱ्या लांबच्या खडकांवर, शिंपल्यांतली कालवं काढायला गेला आणि परत आला नाही. प्रेतही मिळालं नाही. घरात त्याचं नाव काढायचं नाही, हा नियम आजोबांपासून होता.

त्यानंतर मी बाबांकडे वेगळ्या नजरेने पाहू लागले, आणि जे दिसलं ते मला आवडलं नाही. त्यांचं खरं कॅलेंडर बघणं बंद झालं होतं. दिवाळीला म्हणाले, आज कसली दिवाळी, आज थोरलीची सप्तमी. एका संध्याकाळी मी गच्चीवर कपडे काढायला गेले तर ते कठड्याशी उभे. कारखान्यांच्या बाजूला बोट दाखवून म्हणाले, "मधली वर आली." तिकडे धुरकट हवेत एक पिवळा गोळा होता. दिवा असणार, त्या बाजूला दिव्यांना काय तोटा. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी मी मुद्दाम पाहिलं. तिथे काही नव्हतं. मधलीची ती दशमी होती, हे मला न बघता आठवलं, आणि त्याचीच मला जास्त भीती वाटली.

कारण एव्हाना मीही बिघडत चालले होते. एकदा लॅबमध्ये नमुन्याच्या बाटलीवर तारखेच्या जागी मी "धाकली, तीज" लिहून पुढे पाठवून दिलं. पोरी पोट धरून हसल्या. मीही हसले, आणि मग संडासात जाऊन तोंडावर पाणी मारलं.

तिहेरी अवसेला दोन महिने राहिले तेव्हा बाबा आपणहून बोलले. दुपार होती, नवरा कामावर. मी पुढच्या महिन्याचे चौकोन आखत होते.

"त्या दिशी मी जानार," म्हणाले. "बावाला आनायला."

मी पट्टी खाली ठेवली.

"त्याला मीच सांगितलेलं. सकाळी निगाला तवा बोलला, दादा, पानी कवा फिरंल? मी बोललो, आज तीज, सव्वाआठपरयंत खुशाल ऱ्हा. पन त्या पंदरवड्यात बीज दोन दिस होती. आदल्या दिशी बीज, त्या दिशी पन बीज. मी बगितलंच नाय. पानी साडेसातला फिरलं, पाऊन तास आदी. खडपाच्या मागचा नाला आदी भरतो, मंग परत यायला वाट नाय. तो तितंच कालवं फोडत बसला असंल, दादा बोललाय म्हनून." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तुज्या पंचांगात तिथ वाडत नाय. नक्की ना?"

मला रडू आलं आणि ते मी लपवलं नाही. इतके दिवस त्यांच्या डोक्याला काम दिलं म्हणून मी स्वतःची पाठ थोपटत होते. मी त्यांना असं जग बांधून दिलं होतं, जिथे त्यांची ती चूक होऊच शकत नव्हती. आता ते तिकडे राहायला निघाले होते, आणि वाट दांडीच्या दर्यातून जात होती.

नवरा म्हणाला, ते भिंतीवरचं काढ आधी. मी काढलं. बाबांनी दोन दिवस अन्नाला हात लावला नाही, रिकाम्या खिळ्यासमोर उभे राहिले. तिसऱ्या दिवशी मी ते परत लावलं. नवऱ्याशी माझं कडाक्याचं भांडण झालं. दाराला कुलूप घालू म्हणाला. माणसाला कोंडायचं का, म्हणून मी ओरडले. उपाय मात्र माझ्याजवळही नव्हता.

मग मला उपाय सुचला, आणि मला स्वतःच्या हुशारीचं कौतुकही वाटलं. तिघींची गाठ एकाच दिवशी पडते. थोरलीला एक दिवस मागे ढकललं की धाकली आणि मधली पुढे निघून जातात आणि गाठ पडतच नाही. थोरलीच्या शेवटच्या महिन्याचा कागद आखताना मी एक तिथी दोनदा लिहिली. कोणती लिहावी याचा मी विचारसुद्धा केला नाही. महिन्याच्या सुरुवातीची, पटकन लक्षात न येणारी. हात आपोआप गेला तिथे गेला. बीज, आणि पुढच्या चौकोनात पुन्हा बीज.

महिना लागला. बाबा रोजच्यासारखे अंघोळ करून उभे राहिले. दुसऱ्या बिजेच्या दिवशी जरा जास्त वेळ थांबले. मी स्वयंपाकघरातून बघत होते, पोळी तव्यावर करपली. मग ते वळले. गॅलरीत गेले. त्या दिवसापासून त्यांनी "नक्की ना" विचारणं बंद केलं, आणि मी सुटले, असं मला वाटलं. त्यांच्या कपाटाच्या दाराला आतून खडूच्या रेघा होत्या, रोजची एक, पहिल्या दिवसापासून. त्या मला नंतर सापडल्या.

मूळ हिशेबातला तो दिवस आला. भिंतीवर थोरलीची चतुर्दशी होती, खऱ्या कॅलेंडरातही चतुर्दशीच, पण शुद्ध पक्षातली. माझ्या तीस दिवसांच्या नीटनेटक्या महिन्यांनी दोन वर्षांत आकाशाशी इतकी फारकत घेतली होती. नवरा दुपारपाळीला. अडीचला शेजारच्या काकूंचा फोन आला. बाबा तासाभरापूर्वी टोपली आणि कालवं फोडायची कोयती घेऊन खाली उतरले आणि रिक्षात बसले, विचारलं तर म्हणाले, भावाला आणायला चाललो.

लॅबचा कोट अंगावर तसाच होता. रिक्षात बसून मी फोनवर भरतीची वेळ काढली. ओहोटी पावणेपाचला संपणार होती. वेळ होता. रिक्षावाला दांडीच्या किनाऱ्याशी थांबला आणि समोर बघत म्हणाला, "मैडम, पानी कहाँ गया?"

खरंच गेलं होतं. मी लग्नापासून कधी इतकं लांब गेलेलं पाहिलं नव्हतं. ओला, करडा तळ पसरला होता, आणि आवाज म्हणून काही नव्हता. जाळी विणायला किनाऱ्यावर नेहमी बसलेल्या बायका नव्हत्या. कावळेही नव्हते. लांब खडपाच्या काळ्या रेघेजवळ एक माणूस उभा दिसला. मी चपला काढल्या आणि चालू लागले. अर्ध्या तासाने पोचले तेव्हा पोटऱ्या चिखलाने जड झाल्या होत्या.

बाबा खडपाच्या अलीकडे उभे होते, हातात टोपली. मला पाहून त्यांना आश्चर्य वाटलं नाही. तोंड खडपाकडेच ठेवून त्यांनी विचारलं, "आज काय?"

मला बरंच सांगायचं होतं. की हे सगळं मी कागदावर बनवलंय. की घरी चला, सगळे काळजीत आहेत. त्यांचा आवाज मात्र इतका हळू आणि इतका तरुण होता, की मी सांगितलं ते वेगळंच.

"बाबा, आज दुसरी बीज. पाणी पाऊण तास आधी फिरेल."

ते माझ्याकडे वळले. कपाळावरच्या आठ्या एकेक करून सुटताना मी पाहिल्या. मग त्यांनी टोपली टाकली, दोन्ही हात तोंडाशी धरले आणि खडपाकडे बघून अशी हाक मारली, की त्या छातीत इतका आवाज उरला असेल असं मला वाटलं नव्हतं.

"फीर माघारी! दुसरी बीज हाय रे आज! मी चुकीचं बोललो! फीर!"

आम्ही थांबलो. किती वेळ ते सांगता येत नाही. मग बाबा म्हणाले, "चला," आणि निघाले. उजव्या हाताने त्यांनी माझा दंड धरला होता. डावा हात शरीरापासून जरा लांब होता, आणि त्याची बोटं कोणाचं तरी मनगट धरल्यासारखी मिटलेली होती. मी त्या बाजूला पाहिलं नाही. का पाहिलं नाही, असं नवऱ्याने विचारलं, तेव्हा मी त्याला सरळ सांगितलं की मला भीती वाटली.

अर्ध्या वाटेवर घोट्यांना गार लागलं. मागून पाणी येत होतं. मी घड्याळ पाहिलं, चार वाजले होते. फोनवर ओहोटीची वेळ पुन्हा पाहिली, पावणेपाचच. मग मी काही पाहिलं नाही, बाबांना ओढत पळाले. किनाऱ्याला लागलो तेव्हा मागे वळले, तर खडपाचा नाला भरून खडप दिसेनासं झालं होतं. मी फोनवर विसंबून तिथे त्यांची समजूत घालत बसले असते, तर आम्ही दोघं आलो नसतो. दुसऱ्या दिवशी नवऱ्याने दांडीत चौकशी केली. पाणी वेळेवरच आलं होतं, सगळे म्हणाले.

सुरूच्या झाडांमागून फिकट चंद्र वर येईपर्यंत आम्ही वाळूत बसलो. बाबांनी तो नीट पाहिला. "एकच हाय," म्हणाले, आणि हसले. त्यांचे दोन्ही हात आता मांडीवर होते.

घरी येऊन ते जेवले आणि झोपले. सकाळी मी उठले तर ते अंघोळ करून भिंतीपुढे उभे होते, कानाला पेन्सिल. मला वाटलं, आता विचारतील, तिथ का वाढवलीस. ते म्हणाले, "चहा टाक, पोरी," आणि गॅलरीत गेले.

मी जवळ जाऊन पाहिलं. दुसऱ्या बिजेच्या चौकोनात, पुसट अक्षरात त्यांनी लिहिलं होतं, साडेसात. मी पेन घेतलं आणि ते शाईने गिरवलं.